मुक्काम नाहूर, मार्गे मुलुंड

हिंदुस्थानात आगगाडी आणण्याची कल्पना प्रथम कोणत्या भूमीवर स्फुरली, असा प्रश्न मुंबईकरास केल्यास तो बोरीबंदराकडे बोट दाखवील, आणि ठाणेकरास केल्यास तो अर्थातच ठाण्याकडे. परंतु रेल्वेच्या इतिहासात जी नोंद आढळते ती या दोन्ही मातब्बर स्थळांस बाजूस सारून हा मान भांडुपाच्या पदरात टाकते. मुंबई सरकारचे मुख्य अभियंता जॉर्ज क्लार्क हे १८४३ साली भांडुपास आले असता, मुंबईहून ठाणे-कल्याणपर्यंत आणि पुढे थळ व बोर या घाटांपर्यंत लोहमार्ग न्यावा, असा विचार त्यांच्या मनात आला. भांडुपास आलेल्या मनुष्याच्या मनात तेथून सत्वर बाहेर पडण्याच्या साधनाचा विचार यावा, यात भांडुपकरांनी वाईट वाटून घेण्यासारखे काही नाही. पुढे १६ एप्रिल १८५३ रोजी दुपारी ३ वाजून ३५ मिनिटांनी, २१ तोफांची सलामी घेऊन, सुमारे ४०० निमंत्रितांस १४ डब्यांत बसवून आणि साहिब, सिंध व सुलतान अशी भारदस्त नावे धारण करणारी तीन इंजिने जोडून जी पहिली गाडी ठाण्यास निघाली, ती भांडुप मागे टाकून मुलुंडाकडे जाताना ज्या मुलखातून धडधडत गेली, ते नाहूर.

गाडी नाहूरास थांबली नाही. ती थांबण्यास २००३ साल उजाडावे लागले.

मधल्या दीडशे वर्षांत इंग्रज गेले, संस्थाने विलीन झाली, मुंबईसह महाराष्ट्र झाला, वाफेची इंजिने जाऊन विजेची आली, आणि नाहूरची माणसे इमानेइतबारे भांडुपास किंवा मुलुंडास जाऊन गाडी पकडीत राहिली. एवढी प्रदीर्घ उमेदवारी करूनही ज्या गावाने त्राग्याचा एक शब्द उच्चारल्याचे ऐकिवात नाही, त्याच गावात हल्ली महाराष्ट्राच्या कानाकोपऱ्यांतून उमेदवार तरुण-तरुणींचे थवे येऊन उतरतात, ही गोष्ट केवळ घरभाड्याच्या हिशेबाने घडते असे मला वाटत नाही. कुणाचा तरी शेजारी म्हणून आयुष्य काढण्याचा इतका सराव असलेले दुसरे स्थळ साऱ्या उपनगरांत मिळणे कठीण.

नाहूरची अडचण अशी, की ते आहे हे सर्वांस मान्य आहे, परंतु ते कोठे आहे हे सांगताना दुसऱ्याचे नाव घ्यावे लागते. टपालखात्याने भांडुप पश्चिमेस ४०० ०७८ हा क्रमांक बहाल केला आणि मुलुंड पश्चिमेस ४०० ०८०. या दोहोंच्या मधला ४०० ०७९ हा क्रमांक, अंकगणिताच्या सर्व नियमांस अनुसरून, जणू विधात्यानेच नाहूरकरिता राखून ठेवलेला. तो विक्रोळीस गेला. महानगरपालिकेचा एस विभाग भांडुपाचा आणि टी विभाग मुलुंडाचा. नाहूर त्या दोन अक्षरांच्या सांध्यात सापडलेले, आणि ही अक्षरे जोडून वाचली की एस. टी. होते, हा योगायोग गावाकडून आलेल्या पोरांच्याच प्रथम ध्यानात आला असला पाहिजे. उंच इमारतींच्या जाहिरातींत मुलुंडाचे नाव ठळक छापतात, आणि नाहूर हे नाव, औषधाच्या बाटलीवरील इशाऱ्याप्रमाणे, कायद्यास आवश्यक तेवढेच मोठे असते.

अशा गावी राहावयास आलेल्या तरुणाला स्वतःची ओळख ठरविण्यापूर्वी पत्त्याची ओळख ठरवावी लागते. कचेरीत तो ‘मुलुंड’ सांगतो. अंधेरीकडच्या मित्रमंडळीत, जेथे मुलुंड हे खेडे समजले जाते, तेथे तो ‘पवईच्या थोडं पुढे’ असे म्हणून विषय बदलतो. लग्नाच्या बायोडाट्यात वडील स्वहस्ते ‘नोकरीनिमित्त मुंबई’ असे लिहितात आणि मध्यस्थाने खोदून विचारलेच तर ‘मुलुंडला स्टेशनजवळ’ असे सांगतात. स्टेशन कोणते, हा तपशील देण्याचे बंधन त्यांच्यावर नसते. गौरी-गणपतीला तो गावी गेला म्हणजे वेशीपासूनच ‘मुंबईकर आले’ असा पुकारा होतो, आणि नाहूरास परतल्यावर खोलीतले सोबती त्यास त्याच्या जिल्ह्याच्या नावाने हाक मारतात. ‘ए लातूर, गॅस बंद कर’, ‘सांगलीने भाड्याचे पैसे पाठवले का?’, ‘जळगाव अजून झोपलाय’ अशी वाक्ये भिंतीपलीकडून ऐकू येऊ लागली, म्हणजे एखाद्यास महसूलखात्याची बैठक भरल्याचा भास व्हावा. नाहूरकर म्हणून मात्र त्यास कोणी कोठेच ओळखत नाही.

या मंडळींस जागा मिळते कशी, हा स्वतंत्र प्रकरणाचा विषय आहे. दलालाचा पहिला प्रश्न ‘फॅमिली की बॅचलर?’ असा असतो, आणि दुसऱ्या पर्यायाचा उच्चार होताच भाड्याची रक्कम वाढते, अनामत दुप्पट होते व जागा तिसऱ्या मजल्यावरून तळमजल्यावर येते. मग करारनामा. हा करारनामा अकरा महिन्यांचा असावा, असा संकेत आहे, आणि त्या संकेताचा इतिहास मोठा मनोरंजक आहे. १९०८ च्या नोंदणी अधिनियमाने एका वर्षाहून अधिक मुदतीच्या भाडेपट्ट्याची नोंदणी सक्तीची केली, तेव्हा आपल्या हिशेबी पूर्वजांनी वर्षातला एक महिना कापून नोंदणीचा खर्च वाचविला. पुढे १९९९ चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम ३१ मार्च २००० पासून अमलात आला, आणि त्याच्या ५५ व्या कलमाने, मुदत कितीही असो, करार लेखी व नोंदणीकृत असलाच पाहिजे असे फर्माविले. पूर्वजांच्या चातुर्यातला प्राण त्याच दिवशी गेला. तथापि अकरा महिने अद्याप हयात आहेत, आणि नाहूरातला तरुण आपले आयुष्य वर्षांत मोजीत नसून अकरा-अकरा महिन्यांत मोजतो. मुदतीनंतर तो जागेत राहिलाच तर दुप्पट दराने भरपाई देण्याची तरतूद २४ व्या कलमात आहे. महत्त्वाकांक्षेस मुदत घालून देण्याचे जे काम थोर तत्त्वज्ञांस साधले नाही, ते या कलमाने साधलेले दिसते.

करारनोंदणीचा विधी बहुधा रात्री साडेदहाच्या सुमारास होतो, कारण तत्पूर्वी सर्व इसम एका छपराखाली सापडत नाहीत. लॅपटॉप, बोटभर कॅमेरा आणि अंगठा घेण्याचे काळे यंत्र पिशवीत घालून एजंट येतो, स्वयंपाकघराच्या ओट्यावर दुकान मांडतो, आणि एकेकास पुढे बोलावतो. यंत्र अंगठा ओळखीत नाही. ‘दादा, जरा कपाळाला घासा,’ एजंट अनुभवी स्वरात सांगतो. लातूर कपाळास घासतो. यंत्र तांबडा दिवा दाखविते. ‘केसांना लावून बघा. तेल लावता ना?’ लातूर तेल लावीत नाही, कारण उद्या त्याची ऑडिशन आहे. अखेर जळगावच्या केसांतील तेल सार्वजनिक उपयोगास येऊन लातूरची ओळख शासनास पटते. मला या ठिकाणी त्याच्या आजोबांचे स्मरण होते. आजोबांनी सावकाराच्या कागदावर अंगठा उठविला. तो अंगठा पुन्हा कोणास द्यावा लागू नये म्हणून त्यांनी मुलास शाळेत घातले. मुलाने आयुष्यभर रुबाबदार, लफ्फेदार सही केली आणि आपल्या मुलास अभियंता केले. आणि तो अभियंता आज नाहूरात, ट्यूबलाइटच्या उजेडात, अंगठा देतो आहे. ज्या पोराने लहानपणापासून कॅमेऱ्यापुढे उभे राहण्याचे स्वप्न पाहिले, त्याचे महानगरातील पहिले शासनमान्य छायाचित्र बनियनवर निघते, ते निराळेच.

कायदा असा तृप्त झाला तरी गृहनिर्माण संस्था तृप्त व्हावयाची असते. तिचे सेक्रेटरी हे निवृत्त गृहस्थ असतात. सेवेत असताना त्यांच्या हाताखाली जेवढी माणसे नव्हती, तेवढी आता त्यांच्या जिन्यावरून जा-ये करतात.

‘किती जण राहणार?’

‘तिघं, काका.’

‘चपला तर पाच जणांच्या दिसतात.’

‘पाहुणे आलेत, काका. परीक्षेला.’

‘मागल्या अकरा महिन्यांतही परीक्षाच चालू होती,’ असे म्हणून काका दाराआडच्या गादीकडे अर्थपूर्ण दृष्टिक्षेप करतात. जागा भाड्याने दिल्याबद्दल सभासदाकडून घ्यावयाचे शुल्क सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांहून अधिक नसावे, अशी मर्यादा शासनाने १ ऑगस्ट २००१ च्या आदेशाने घालून दिलेली आहे. त्यामुळे उरलेली वसुली संस्थेस उपदेशाच्या रूपाने करावी लागते, आणि तीत थकबाकी राहत नाही.

सकाळी सातनंतर नाहूरातून महत्त्वाकांक्षा बाहेर पडू लागते. तिच्या दिशा ठरलेल्या आहेत. संगणकावर ज्यांचे पोट आहे ते पूर्वेस खाडीवरील पूल ओलांडून ऐरोलीस जातात. ज्यांस नट व्हावयाचे आहे ते घाटकोपरास उतरून, ८ जून २०१४ पासून सुरू झालेल्या मेट्रोने वर्सोव्याच्या टोकास जातात आणि तेथे आरामनगर नामक वसाहतीत, जेथे आराम सोडून सर्व काही आहे, एका दारावरून दुसऱ्या दारावर आपली मुद्रा दाखवीत हिंडतात. उरलेले सरळ दक्षिणेस, मूळच्या बोरीबंदराच्या रोखाने. परंतु ज्यांस दक्षिणेस जावयाचे असते त्यांतले चतुर लोक प्रथम उत्तरेस जातात. कारण असे, की नाहूरास जलद गाडी थांबत नाही, आणि जी धिमी थांबते तीत सकाळी बसावयास सोडाच, धड उभे राहण्यासही जागा नसते. म्हणून ते उलट्या दिशेची गाडी पकडून मुलुंडावरून ठाण्यास पोहोचतात आणि तेथून सुटणाऱ्या गाडीत ऐसपैस बसून, अर्ध्या तासापूर्वी जेथून निघाले त्या नाहूरावरून, फलाटावर ताटकळणाऱ्या शेजाऱ्यांकडे न पाहता पुढे जातात. यासाठी पास ठाण्यापर्यंतचा काढावा लागतो. पुढे जाण्यासाठी आधी मागे जाण्याचे भाडे भरावे लागते, हे व्यवहारज्ञान या पोरांस कोणत्याही विद्यापीठाने दिलेले नाही.

रात्री हेच सर्व लोक एका खोलीत परततात. लातूरास ऑडिशनसाठी आपली चित्रफीत काढून पाठवावयाची असते, आणि त्यासाठी मागे कोरी भिंत लागते. घरात कोरी भिंत एकच. तिच्यासमोर मध्यरात्रीपर्यंत ऐरोलीवाली नोकरी घरून करणारा सांगली बसलेला असतो, कारण परदेशी साहेबास कॅमेऱ्यात दोरीवर वाळणारे टॉवेल दिसू नयेत. त्याच भिंतीस पाठ टेकून, पाय लांब करून, राज्यसेवेचा अभ्यास करणारा जळगाव भारतीय राज्यघटनेची कलमे पुटपुटत असतो. भिंतीच्या वहिवाटीबद्दल कोणताही लेखी दस्तऐवज नाही. तोंडी समझोता असा, की साहेब चहाला उठला की लातूरने चित्रीकरण उरकावे.

साहेब उठतो. जळगाव पाय आखडून बाजूस सरकतो व मोबाइल हातात धरतो. लातूर उभा राहतो, आवाज साफ करतो आणि आपले नाव, वय, उंची सांगून डावीकडे वळतो, उजवीकडे वळतो, दोन्ही हातांचे पंजे पुढे करून दाखवितो, जणू मुंबईत दहाही बोटे शाबूत घेऊन आल्याचे प्रमाण देतो आहे. मग संवाद. प्रसंग असा, की नायकास आपला पिता वारल्याची वार्ता कळली आहे. लातूरचा कंठ दाटून येतो, डोळ्यांत खरोखरीचे पाणी उभे राहते, तो थरथरत्या ओठांनी ‘बाबा...’ म्हणतो आणि स्वयंपाकघरात कुकर शिटी देतो. पुन्हा. दुसऱ्या खेपेस कुकर गप्प असतो, पण जळगावच्या तोंडून सवयीने कुठलेसे कलम निसटते. तिसऱ्या खेपेस सारे जुळून येते आणि नेमका बाबांचा फोन येतो.

‘काय करतोस?’

‘काही नाही बाबा. बसलोय.’

‘आवाज का बसलाय?’

‘सर्दी आहे.’

‘तिकडं पाणी बदलतं. उकळून पी.’

भांडुपच्या जलशुद्धीकरण केंद्रातून गाळून निघालेले पाणी या शहराचा मोठा भाग बिनबोभाट पितो. परंतु लातूरच्या वडिलांचा महापालिकेवर विश्वास नाही, आणि उकळलेले पाणी हा या घरातला पालकांच्या प्रेमाचा एकमेव दृश्य अवशेष असल्याने त्याविषयी वाद घालणे उचित नव्हे.

शेजारच्या इमारतीत मुलींचे असेच एक बिऱ्हाड आहे. तेथील चिपळूण दिवसा ऐरोलीस असते आणि रात्री एकांकिकेच्या तालमीस. मुलुंडच्या महाकवी कालिदास नाट्यमंदिराच्या रंगमंचावर एकदा उभे राहावे, ही तिची तूर्तास माफक आकांक्षा. त्याहून मोठी आकांक्षा म्हणजे चतुरंगची सवाई एकांकिका स्पर्धा, जी २५ जानेवारीच्या रात्री सुरू होऊन प्रजासत्ताकदिनाच्या पहाटेपर्यंत चालते. सवाई रात्रभर जागून पाहावी आणि सकाळी थेट कामास बसावे, असा तिचा शिरस्ता आहे, कारण तिच्या कंपनीचे ग्राहक ज्या देशात राहतात तेथे आपला प्रजासत्ताकदिन पोहोचलेला नाही. ‘अभिनय की नोकरी, एक काय ते ठरव,’ असे तिची आत्या दर खेपेस सुनावते. चिपळूणचे म्हणणे असे, की नोकरीने अभिनय परवडतो आणि अभिनयाने नोकरी सहन होते. यातले एक काढले तर दुसरे कोसळेल. मला हा युक्तिवाद आत्याच्या युक्तिवादाहून भक्कम वाटतो.

या परिसरातील वडीलधाऱ्यांस मात्र ही रीत बुचकळ्यात टाकते, आणि त्यांचेही अगदीच चुकते असे नाही. ज्या रस्त्यास आज लालबहादूर शास्त्री मार्ग म्हणतात तो जेव्हा आग्रा रोड होता, तेव्हा भांडुप-मुलुंडच्या पट्ट्यात माणसाची ओळख भोंग्यावरून ठरत असे. कोणी एशियन पेंट्समध्ये, कोणी सिएटमध्ये, कोणी जीकेडब्ल्यूत, कोणी जॉन्सनमध्ये ‘लागलेला’ असे, आणि एकदा लागला म्हणजे तो निवृत्तीपर्यंत सुटत नसे. सोयरीक जुळविताना मुलाचे नाव मागाहून विचारीत. आधी कंपनी, मग पाळी, मग पर्मनंट आहे की नाही. दिवाळीचा बोनस सांगितला की कुळ, शील आणि चारित्र्य यांची चौकशी संपली. पुढे त्यांतले काही कारखाने बंद पडले, काहींचा पसारा आवरला, आणि जेथे भोंगा वाजे तेथे आता इंग्रजी अरण्यांची आणि उपवनांची नावे धारण केलेले मनोरे उभे आहेत, ज्यांतील पंचविसाव्या मजल्यावरून खाडीकडची मिठागरे दिसतात. त्या काळात ज्यांची घडण झाली, त्यांस दर दोन वर्षांनी कंपनी बदलणारा पुतण्या काढून टाकलेला वाटतो, आणि त्याचा पगार वाढला आहे हे ऐकून तर त्यांचा संशय दुणावतो.

‘तुला नक्की व्हायचंय तरी काय?’ हा प्रश्न ते विचारतात, आणि पोरे गप्प बसतात, त्या मौनाचा अर्थ गोंधळ असा लावला जातो. हा अर्थ मला मान्य नाही. सांगली दिवसा संगणक चालवितो, शनिवारी-रविवारी लग्नांची छायाचित्रे काढतो आणि रात्री कोणाच्या तरी दुकानाची जाहिरात लिहून देतो. याला तीन स्वभाव आहेत म्हणून नव्हे, तर घराचे भाडे, गावचा हप्ता आणि कॅमेऱ्याचा हप्ता या तीन रकमा एकाच ठिकाणाहून निघत नाहीत म्हणून. भोंग्याच्या काळात एक पगार एक कुटुंब चालवीत असे, म्हणून माणसास एकच ओळख पुरत असे. आज एका माणसास तीन ओळखी बाळगाव्या लागतात. त्यास चंचलपणा म्हणणे म्हणजे तीन खांबांवरच्या मांडवास अनिश्चयी म्हणण्यासारखे आहे. आणि जळगाव, जो खरोखरच एकाच ध्येयास चिकटून बसला आहे, त्याला हेच वडीलधारे ‘आता पुरे झालं, काहीतरी बघ’ असे सांगतात, हे मी स्वतःच्या कानांनी ऐकले आहे.

यांतील किती जण नट, उपजिल्हाधिकारी किंवा कंपनीचे मालक होतील, याचे भाकीत करण्याचे मला प्रयोजन दिसत नाही. पुष्कळसे होणार नाहीत; ते विवाह करून बदलापुरास किंवा पुण्यास जातील, आणि त्यांच्या जागी नवे लातूर व नवी चिपळूण येतील. तूर्त निकडीचा प्रश्न येत्या जूनचा आहे, कारण शेजारच्या बिऱ्हाडाची अकरा महिन्यांची मुदत तेव्हा संपते आणि मालकांस या वेळी फॅमिली हवी आहे.

म्हणून नाहूर-मुलुंडात ज्यांचा दुसरा ब्लॉक रिकामा पडला आहे त्या सद्गृहस्थांस आणि सर्व गृहनिर्माण संस्थांच्या सेक्रेटरी महाशयांस माझी विनंती आहे, की नोटीसफलकावरील ‘अविवाहितांस जागा देऊ नये’ हा कागद उतरवावा, चपला मोजण्याचे सोडून द्यावे, आणि या पोरांस जागा द्यावी. भाडे ती वेळेवर देतात; उशीर झालाच तर तो बहुधा त्यांच्या पगारास झालेला असतो.